ठेकेदार म्हणतो, "बिल निघालं नाही": थकलेला पगार मागायचा कुणाकडं?

महिन्याची दहा तारीख उलटली की कोल्हापूरच्या शिरोली एमआयडीसीतल्या चहाच्या गाड्यांवर एक वाक्य हमखास कानावर येतं. "बिल निघालं न्हाई अजून." बोलणारा कधी फौंड्रीत ओतीव माल घासून साफ करणाऱ्या फेटलिंगचा असतो, कधी साच्यातले वाळूचे गाभे बनवणाऱ्या कोअर शॉपचा, कधी वाळू ओढणारा. वाक्य मात्र त्याचं नसतं. पगार मागायला गेल्यावर ठेकेदारानं ते त्याच्या हातावर ठेवलेलं असतं आणि तो तेच घेऊन घरी जातो, बायकोला सांगतो, दुकानदाराला सांगतो, घरमालकाला सांगतो.

हे वाक्य मीही पुष्कळ वेळा सांगितलंय. सहा वर्षं मी एका ठेकेदाराच्या ऑफिसात मस्टर लिहायचो. हजेरी, खाडे, ओटी म्हणजे ओव्हरटाइम, उचल, सगळं माझ्या हातचं. कंपनीकडं आमची बिलं खरोखरच अडकायची, त्यामुळं समोर उभ्या माणसाला "बिल निघालं की लगेच देतो" म्हणताना आपण खोटं बोलतोय असं वाटायचं नाही. कायद्यासमोर त्या वाक्याला काडीची किंमत नाही, हे मला फार उशिरा कळलं. आता ते काम सुटलं. रविवारी ओळखीपाळखीतले कामगार कागद घेऊन येतात, त्यांना अर्ज लिहायला मदत करतो. मी वकील नाही. गुंतागुंतीच्या प्रकरणात वकील लागतोच, आणि तो पैसे न मोजता कसा मिळतो तेही पुढं येईल.

आधी एक गाठ सोडवू. कंत्राटी कामात व्यवहार दोन असतात. पहिला कंपनी आणि ठेकेदार यांच्यातला: ठेकेदार माणसं पुरवतो, महिन्याचं बिल लावतो, कंपनी ते तीस दिवसांनी काढते, कधी साठ, कधी नव्वद. दुसरा ठेकेदार आणि कामगार यांच्यातला: इतके दिवस भरले, इतका पगार. पहिला व्यवहार कितीही लटकला तरी त्याचा धक्का दुसऱ्याला लागता कामा नये. पगार कधी द्यायचा याच्या तारखा कायद्यानं ठरवून दिल्यात आणि त्यात "बिल पास झाल्यावर" असं कुठंही लिहिलेलं नाही.

१९३६ च्या वेतन प्रदान कायद्यात नियम असा होता: हजारापेक्षा कमी माणसं असतील तर पुढच्या महिन्याच्या सात तारखेच्या आत, जास्त असतील तर दहाच्या आत. २१ नोव्हेंबर २०२५ पासून देशभर चार नव्या कामगार संहिता लागू झाल्या. त्यातली वेतन संहिता सगळ्यांना एकच तारीख लावते. महिन्याचा पगार असेल तर सात तारीख. रोजावर असाल तर पाळी संपताना, आठवड्यावर असाल तर सुट्टीच्या आधीच्या कामाच्या दिवशी. काम सोडलं किंवा काढून टाकलं तर कामाच्या दोन दिवसांत हिशोब पुरा. हा दोन दिवसांचा नियम बिहार-ओडिशाहून आलेल्या फौंड्रीच्या पोरांनी तर ध्यानात ठेवलाच पाहिजे. "गावी जा, पैसे पाठवून देतो" या शब्दावर विसंबून ती पोरं रेल्वेत बसतात. मग ना पैसे येतात, ना फोन लागतो.

आता मूळ प्रश्न. ठेकेदारानं दिलाच नाही, तर?

तर कंपनीनं द्यायचा. उत्तर इतकं सरळ आहे आणि ते आजचं नाही. १९७० च्या कंत्राटी कामगार कायद्याच्या कलम २१ मध्ये ते लिहिलेलं होतं: ठेकेदारानं मुदतीत पगार दिला नाही किंवा कमी दिला, तर ज्याच्याकडं काम चालतं त्या मुख्य मालकानं, म्हणजे वकील ज्याला प्रिन्सिपल एम्प्लॉयर म्हणतात त्यानं, राहिलेली रक्कम द्यायची आणि नंतर ठेकेदाराच्या बिलातून कापून घ्यायची किंवा त्याच्याकडून वसूल करायची. पगार वाटताना मुख्य मालकाचा माणूस हजर पाहिजे, त्यानं रजिस्टरवर सही करून पगार वाटल्याचं प्रमाणित करायचं, हेही त्याच कलमात होतं. माझ्या ऑफिसातल्या रजिस्टरवर ती सही व्हायची. कंपनीचा एक क्लार्क महिनाअखेरीला येऊन सह्या करून जायचा. त्या वेळी पगाराचा रकाना कधी भरलेला असायचा, कधी कोरा. कोऱ्या पानावरची ती सही म्हणजे "पगार माझ्यासमोर वाटला" असा कंपनीनं दिलेला दाखला होता. ते पान त्याच्यासमोर मीच उघडून धरायचो.

नव्या व्यवस्थेत हीच जबाबदारी व्यवसायजन्य सुरक्षा, आरोग्य व कार्यस्थिती संहितेच्या कलम ५५ मध्ये आहे. पगार बँकेतून किंवा इलेक्ट्रॉनिक पद्धतीनं द्यायचा, तो दिल्याचं मुख्य मालकाला कळवायचं, आणि ठेकेदार चुकला तर मुख्य मालकानं भरायचं. त्यात एक भर पडली आहे. परवाना घेताना ठेकेदार सरकारकडं अनामत ठेवतो, त्या अनामतीतून थकलेला पगार देण्याचा आदेश सरकार काढू शकतं. मात्र या संहितेचा कंत्राटी कामगारांचा भाग पन्नास किंवा त्याहून जास्त कंत्राटी कामगार असतील तिथंच लागतो. "आम्ही पंधराच माणसं आहोत, आमचं काय?" असं गोकुळ शिरगावच्या एका छोट्या शॉपमधल्या दादांनी विचारलं होतं. त्यांच्यासाठी वेतन संहितेचं कलम ४३ आहे. पगार देणाऱ्यानं दिला नाही, तर आस्थापनेचा मालक असलेली कंपनी, फर्म किंवा व्यक्ती जबाबदार, असं ते सांगतं. तिथं पन्नासाची अट नाही.

सरकारी कार्यालयात, दवाखान्यात, महापालिकेत एजन्सीमार्फत झाडलोट, सुरक्षा, डेटा एन्ट्री करणाऱ्यांना "वरून अनुदान आलं नाही" असं सांगतात. तेही बिलाचंच दुसरं रूप. कार्यालय सरकारी असलं म्हणून मुख्य मालक नाहीसा होत नाही. जुन्या कायद्यात तर त्या कार्यालयाचा प्रमुख हाच मुख्य मालक, असं शब्दात लिहिलेलं होतं.

या सगळ्याच्या मुळाशी एक निकाल आहे आणि तो मला फार जवळचा वाटतो. १९८२ साली दिल्लीत आशियाई क्रीडा स्पर्धांसाठी स्टेडियम आणि उड्डाणपूल बांधले जात होते. काम ठेकेदारांकडं, माणसं जमादारांनी आणलेली. रोजाचा किमान दर ९ रुपये २५ पैसे होता आणि त्यातला एक रुपया जमादार आपलं कमिशन म्हणून कापून घ्यायचे. पीपल्स युनियन फॉर डेमोक्रॅटिक राइट्स या संघटनेनं न्यायाधीशांना पत्र लिहिलं आणि सर्वोच्च न्यायालयानं त्या पत्रालाच याचिका मानलं. निकालात न्यायालयानं दोन गोष्टी सांगितल्या. किमान वेतनापेक्षा कमी पैशात माणसाला राबवणं म्हणजे राज्यघटनेच्या कलम २३ नं बंदी घातलेली वेठबिगारी. आणि काम ठेकेदाराकडून करून घेतलं म्हणून सरकारची, प्राधिकरणाची जबाबदारी संपत नाही. एक रुपयासाठी सर्वोच्च न्यायालयानं एवढी मोठी गोष्ट बोलून ठेवली आहे. आपल्याकडं दोन-दोन महिन्यांचा पगार थकतो आणि माणूस "बघू, पुढच्या आठवड्यात देतो म्हणालेत" म्हणत परत कामावर जातो.

अर्ज कुठं करायचा? इथं जुनं आणि नवं वेगळं धरावं लागतं.

आपल्याकडं सगळेच "लेबर कोर्टात केस टाकायची" म्हणतात. महाराष्ट्रात वेतन प्रदान कायद्याखालचे अर्ज लेबर कोर्टाचे न्यायाधीशच प्राधिकारी म्हणून ऐकत आले, म्हणून ते बोलणं चुकीचंही नव्हतं. त्या कायद्यात महिन्याला २४ हजारांपर्यंत पगार असलेल्यालाच दाद मागता यायची आणि मुदत होती बारा महिने. नव्या वेतन संहितेत पगाराच्या दाव्याचा निवाडा सरकारनं नेमलेला राजपत्रित अधिकारी करतो. पगाराची कमाल मर्यादा काढली आहे, मुदत तीन वर्षांची आहे, आणि दावा तीन महिन्यांत निकाली काढायचा प्रयत्न करावा असं लिहिलंय. कामगार स्वतः अर्ज करू शकतो, नोंदणीकृत युनियन करू शकते, निरीक्षकही करू शकतो. कितीही कामगारांचा मिळून एकच अर्ज चालतो.

मग संहिता लागू होण्याआधीच्या महिन्यांचा पगार थकला असेल तर? तो हक्क जुन्या कायद्यात तयार झाला, कायदा बदलला म्हणून तो बुडत नाही. पण अशा पगारासाठी "आता तीन वर्षं आहेत" या भरवशावर राहू नका. बारा महिनेच धरून चाला. मुदत संपून गेली असेल तर विलंब माफीचा अर्ज सोबत लावता येतो. त्यात उशिराचं खरं आणि पटणारं कारण लिहावं लागतं: आजारपण, गावी अडकणं, ठेकेदारानं दिलेल्या लेखी तारखा. त्या तारखा व्हॉट्सअॅपवर असतील तर त्यासुद्धा कामाला येतात.

लेबर कोर्टात आणखी एक दार होतं आणि त्यावर लोकांचा फार गोंधळ होतो. औद्योगिक विवाद कायदा १९४७, कलम ३३-क (२). "माझे इतके पैसे निघतात, मोजून द्या" असा अर्ज. याला कालमर्यादा नाही, असं सर्वोच्च न्यायालयानं १९६० च्या दशकातच बॉम्बे गॅस कंपनीच्या खटल्यात सांगितलं, म्हणून हे दार सगळ्यात सोपं वाटतं. पण तिथलं न्यायालय फक्त मोजतं. हक्क आधीच ठरलेला पाहिजे. दिल्ली महापालिकेच्या रोजंदारी कामगारांनी कायम कामगारांइतका पगार या कलमाखाली मागितला, तेव्हा सर्वोच्च न्यायालयानं तो नाकारला. समान पगाराचा हक्क अगोदर कुठं शाबीत झालाय, एवढाच न्यायालयाचा प्रश्न होता. कोर्टाच्या डिक्रीची, म्हणजे हुकूमनाम्याची, अंमलबजावणी करावी तसं हे काम आहे. डिक्रीच नसेल तर अंमल कशाचा करणार?

इथंच कंत्राटी कामगारांचे खटले फसतात, आणि या भागावर मी जरा रेंगाळणार आहे, कारण वर्षं वाया जातात ती इथं.

माणूस चिडलेला असतो. आठ वर्षं त्याच कंपनीत, त्याच मशीनवर, कंपनीच्या सुपरवायझरच्या हाताखाली. ठेकेदार तीनदा बदलले, हा तिथंच. पगार थकतो तेव्हा सगळी आठ वर्षं उफाळून येतात आणि अर्जात तो लिहितो: मी या कंपनीचाच कामगार आहे, ठेकेदार नावालाच आहे, मला कायम करा आणि थकलेला पगार द्या. तक्रार खरी असते, बहुतेकदा शंभर टक्के खरी. पण अर्जात हे वाक्य आलं की कंपनीच्या वकिलाचं काम निम्मं झालं. तो लेखी उत्तरात लिहितो, "अर्जदार आमचा कामगारच नाही, मालक-कामगार हे नातंच आम्हाला मान्य नाही." आता पगार बाजूला राहतो आणि "तू कुणाचा" यावर वाद सुरू होतो. सर्वोच्च न्यायालयानं २००१ साली सिप्ला कंपनीच्या खटल्यात सांगितलंय की, महाराष्ट्राच्या १९७१ च्या अनुचित कामगार प्रथांच्या कायद्याखाली तक्रार करायची तर हे नातं आधी निर्विवाद हवं. त्याच वर्षी स्टील ऑथॉरिटीच्या खटल्यात घटनापीठानं ठरवलं की, एखाद्या कामातली कंत्राटी पद्धत बंद झाली तरी कामगार आपोआप कंपनीत कायम होत नाही. ठेका नावापुरता होता की खरा, हे पुराव्यानं वेगळ्या वादात ठरवावं लागतं. तो लढा लढण्यासारखा आहे. पण तो वेगळा लढा आहे, त्याची वाट लांबची आहे, आणि थकलेला पगार त्या वाटेवर न्यायचं कारण नाही.

पगाराच्या अर्जात तुम्ही ठेकेदाराचे कामगार आहात हे धरून चाललं तरी पैसे मिळतात. कलम २१ काय किंवा ५५ काय, तुमचा पगार कंपनीनं भरायचा तो तुम्ही तिचे कायम कामगार आहात म्हणून नव्हे. काम तिच्याकडं झालं म्हणून भरायचा. म्हणून माझा आग्रह असतो की, पगाराच्या अर्जात पगारच मागावा. "माझ्या इतर हक्कांना बाधा न आणता हा अर्ज करीत आहे" एवढी एक ओळ घालावी आणि कायम करण्याचा प्रश्न वेगळ्या कागदावर ठेवावा.

आता पुरावा. मस्टर मी लिहायचो, त्यामुळं कोणता कागद कुठं असतो हे मला माहीत आहे.

कामगाराला वाटतं, माझ्याकडं काहीच नाही, नेमणुकीचं पत्र नाही, पगाराची चिठ्ठी नाही. पण त्याच्याकडं पीएफचा यूएएन नंबर, म्हणजे पीएफ खात्याचा कायमचा क्रमांक, असतो. ते पासबुक मोबाईलवर उघडा. कोणत्या महिन्यात कोणत्या नावानं पैसे भरले हे तिथं महिन्यावार दिसतं, आणि ती नोंद खुद्द ठेकेदारानं केलेली असते. जानेवारीपर्यंत नोंदी आहेत आणि फेब्रुवारी-मार्च कोरे आहेत, तर त्याच दोन महिन्यांचा पगार थकलाय हे अर्धं सिद्ध झालंच. ईएसआयच्या, म्हणजे कामगार विम्याच्या, नोंदी तशाच. बँकेचं पासबुक भरून आणा: आधीचे पगार कोणत्या खात्यावरून आले, किती आले, कोणत्या तारखेला आले, म्हणजे दर सिद्ध होतो. गेटपास, कंपनीच्या कँटीनचं कूपन, सेफ्टी ट्रेनिंगची सही, बदली पाळीबद्दल सुपरवायझरचा मेसेज, मशीनपुढं उभं राहून काढलेला दसऱ्याच्या खंडेनवमीचा फोटो. हो, तोही. एका माणसानं कंपनीत काम केल्याचं कंपनीच नाकारत होती, तेव्हा पूजेच्या फोटोत मागच्या भिंतीवर कंपनीचा बोर्ड दिसला होता. मेसेज असलेला फोन विकू नका, रीसेट करू नका. नुसते स्क्रीनशॉट देऊन भागत नाही, मूळ फोन लागू शकतो.

रोजच्या हजेरीची स्वतःची वही ठेवा. तारीख, पाळी, ओटीचे तास, सही करणाऱ्याचं नाव. साधी शाळकरी वही चालते. रोजच्या रोज लिहिलेली वही आणि खटल्यासाठी एका बैठकीत लिहिलेली वही यातला फरक शाई बघूनही कळतो.

नव्या वेतन संहितेत एक फार मोलाचं कलम आहे, ५९. पगार दिला नाही किंवा कमी दिला असा दावा आला, तर तो दिल्याचं सिद्ध करायची जबाबदारी मालकाची. "पगार मिळाला नाही" हे कामगारानं कशानं सिद्ध करायचं? न मिळालेल्या पैशांचा कागद कुणाकडं असतो? आता रजिस्टर, बँकेची नोंद, पावती मालकानं दाखवायची. तरीही काम केल्याचा पुरावा आपल्याकडं असावाच.

मग हिशोब. उदाहरणच घेऊ, आकडे समजुतीसाठी धरलेत. रोज ५२० रुपये, महिन्याला २६ दिवस, म्हणजे १३,५२०. दोन महिने थकले तर २७,०४०. आठ तासांच्या पाळीत तासाला ६५ रुपये पडतात, ओव्हरटाइम दुप्पट दरानं, म्हणजे तासाला १३०. दोन महिन्यांत ४० तास ओटी केली असेल तर ५,२००. एकूण ३२,२४०. यातून उचल घेतली असेल तर ती लपवू नका. २,००० घेतले असतील तर लिहा, वजा करा. लपवलेली उचल उलटतपासात निघाली की बाकी खऱ्या आकड्यांवरचाही विश्वास उडतो. आणि तुम्हाला मिळणारा रोज त्या कामाच्या किमान वेतनापेक्षा कमी असेल, तर हिशोब किमान वेतनानं करा. आपण कमी दरावर तयार झालो होतो म्हणून हक्क जात नाही.

या रकमेवर भरपाई मागता येते. जुन्या कायद्यात पगाराला उशीर झाला तर भरपाई होती दीड हजार ते तीन हजार रुपये. ठेकेदाराला ती परवडायची. चाळीस माणसांचा पगार दोन महिने वापरायला मिळाला आणि नंतर एखाद्यानं अर्ज केलाच, तर तीन हजार. वेतन संहितेत ही भरपाई दाव्याच्या रकमेच्या दहापटीपर्यंत देता येते. "पर्यंत" हा शब्द लक्षात ठेवा. परिस्थिती बघून किती द्यायची ते प्राधिकारी ठरवतो, दहापट मिळणारच असं नाही. म्हणून उशिरामुळं काय भोगलं ते अर्जात लिहा. हप्ता चुकला, बँकेनं दंड लावला, पोराची फी राहिली, सावकाराकडून टक्क्यानं पैसे घेतले. संकोच करू नका आणि वाढवूनही लिहू नका. कागद असेल तर जोडा.

अर्जाच्या आधी एक पायरी मी सगळ्यांना करायला लावतो. सहायक कामगार आयुक्तांच्या कार्यालयात लेखी तक्रार द्यायची आणि पोच घ्यायची. पोच म्हणजे आपल्या प्रतीवर शिक्का, तारीख, आवक क्रमांक. तिथले सरकारी कामगार अधिकारी ठेकेदार आणि कंपनी दोघांना बोलावतात आणि पुष्कळ प्रकरणं त्या टेबलावरच मिटतात. कंपनीला पत्र गेलं की बिलं आश्चर्य वाटावं इतक्या लवकर निघतात. पण या बैठकांत मुदत वाहून जाऊ देऊ नका. लेबर ऑफिसात चार तारखा झाल्या म्हणून दाव्याचं घड्याळ थांबत नाही.

तडजोड करताना कागद वाचा. "पूर्ण व अंतिम हिशोब मिळाला, काही येणे बाकी नाही" अशा ओळीखाली सही मागतात आणि हातात देतात निम्मी रक्कम. घरात चूल पेटायची असते, माणूस सही करतो. मी त्याला दोष देत नाही. पण सही करायचीच असेल तर स्वतःच्या हातानं लिहा: "एवढे रुपये मिळाले, अमुक महिन्याचे एवढे बाकी." पेन आपल्या हातात असतं तेवढा वेळ तरी ते आपलं असतं.

काढून टाकतील ही भीती खरी आहे. तिच्यावर मला एकच उपाय दिसलाय: एकट्यानं जाऊ नका. बारा जणांचा एक अर्ज, मागं एक तक्ता, त्यात नाव, काम, थकलेले महिने, रक्कम, सही. एकाला गेटवर अडवणं सोपं, बाराही जणांना अडवलं तर दुसऱ्या दिवशी भट्टीवर कोण उभं राहणार?

वकिलाचं म्हणाल तर, विधी सेवा प्राधिकरण कायदा १९८७ च्या कलम १२ नुसार औद्योगिक कामगाराला मोफत कायदेशीर मदत मिळते. स्त्रियांनाही मिळते, अनुसूचित जाती-जमातींच्या लोकांनाही. या तिघांना उत्पन्नाची अट नाही. कसबा बावड्याच्या न्यायसंकुलात जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडं अर्ज करायचा. कोअर शॉपमध्ये काम करणाऱ्या कित्येक वहिनींना हे माहीतच नसतं. एक वहिनी मला म्हणाल्या होत्या, "वकिलाची फी द्यायला पैसे असते तर पगारासाठी एवढं रडलो असतो का, दादा?"

निकाल लागला तरी पैसे हातात पडेपर्यंत काम संपलेलं नसतं. वेतन संहितेत आदेशानंतरही पैसे भरले नाहीत तर प्राधिकारी वसुली दाखला काढतो. तो जिल्हाधिकाऱ्यांकडं जातो आणि रक्कम जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसूल करायची असते. म्हणजे फाईल पुढं तहसीलमध्ये जाते. तिथं पहिला प्रश्न विचारतात, थकबाकीदाराच्या नावावर काय आहे? ठेकेदाराच्या नावावर बहुतेकदा काहीच नसतं. गाडी मेव्हण्याच्या नावावर, घर बायकोच्या, फर्म बंद करून दुसऱ्या नावानं नवी काढलेली. माझा जुना ठेकेदार सहा वर्षांत तीन नावांनी काम करत होता आणि तिन्ही नावांचे शिक्के माझ्याच ड्रॉवरमध्ये असायचे. वसुली दाखल्यावर फक्त ठेकेदाराचं नाव असेल तर तो कागद घेऊन माणूस वर्षानुवर्षं तहसीलच्या पायऱ्या चढतो. कंपनीचं नाव असेल तर तिची जागा आहे, मशिनरी आहे, बँकेत खातं आहे.

प्राधिकाऱ्याच्या आदेशावर वरच्या अधिकाऱ्याकडं नव्वद दिवसांत अपील करता येतं. त्याच्याही पुढं उच्च न्यायालय. पूर्वी त्यासाठी मुंबई गाठावी लागायची आणि तिथली एक तारीख म्हणजे दोन दिवसांचा रोज बुडणं. १८ ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच कोल्हापुरात बसतंय. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांची प्रकरणं तिथं चालतात. कंपनी आदेशाविरुद्ध वर गेली तरी आता कामगाराला पहाटेची गाडी पकडावी लागत नाही.

मागच्या महिन्यात फेटलिंगचे एक काका टाईप करून आणलेला अर्ज घेऊन आले. हिशोब चोख, पासबुक जोडलेलं, अकरा जणांच्या सह्या. पहिल्या पानावर "विरुद्ध" लिहून खाली एकच नाव होतं, ठेकेदाराचं. मी विचारलं, "काका, कंपनीचं नाव का नाही?" ते म्हणाले, "कंपनीनं काय वाईट केलंय आमचं? पैसं ह्यानं बुडवल्यात." त्यांना कलम ५५ वाचून दाखवलं, सावकाश, दोनदा. थोडा वेळ ते गप्प बसले. मग खिशातलं पेन काढून त्यांनी ठेकेदाराच्या नावाखाली क्रमांक दोन लिहिला, त्यापुढं कंपनीचं पूर्ण नाव, प्लॉट नंबर, शिरोली एमआयडीसी. अर्ज पुन्हा टाईप करायला म्हणून अकराही जण एकाच रिक्षात कोंबून निघाले.